तेल सुटेपर्यंत

गोळीबार चौकातून आत वळलं की तिसऱ्या गल्लीत
बाबांचं भोजनालय. सहा टेबलं, एक मोरी,
आणि भिंतीवर कुणीच न वाचलेली पाटी:
'जास्तीची तर्री मागू नये.'

लोक तर तीच मागायला यायचे.
सोनकुसरे कंडक्टर वाटी तिरपी करायचा,
रस्सा इकडे, लाल थर तिकडे,
आणि बोट रोखून विचारायचा,
"हेडाऊ, हे दोघं बोलत काहून नाही बे एकमेकाशी?"
"भांडण असन," बाबा भाकरी थापता थापता म्हणायचे,
"मले काय मालूम. पोरगी शिकून रायली ना
तेलाच्या कॉलेजात. तिले विचार."

मी शिकत होते.
काचेच्या नळीत पाणी, त्यावर जवसाचं तेल.
हलवायचं, थांबायचं, घड्याळ बघायचं,
वहीत लिहायचं: एक मिनिट चाळीस सेकंद.
पुन्हा हलवायचं.
शंभरदा हलवलं असेल.
भांडण कुठंच दिसलं नाही.

मे महिना. रात्री साडेअकराला सुद्धा भिंती गरम.
बाबा मोरीवर गंज घासत बसलेले.
मी म्हटलं, बाबा, तेलाचं काही चुकत नाही हो.
पाण्याचे कण एकमेकांचे हात धरून असतात,
सोडतात, दुसऱ्याचा धरतात, सारखं चालूच.
तेलाला धरायला हातच नाहीत.
ते कुणाला ढकलत नाही, कुणाला टाळत नाही.
पण त्याच्या कडेला जे पाणी येतं
त्याला आखडून उभं राहावं लागतं,
मोजके हात, मोजकी वळणं.
ते पाण्याला सोसत नाही.
म्हणून ते तेलाला तेलाकडे सरकवतं.
कड जितकी कमी, तितकं अवघडणं कमी.
मग हलकं असतं ते वर जातं.
द्वेष नाही, बाबा.
नुसती मोकळं राहायची सवय.

बाबांचा हात थांबला.
"धरमपेठेत एका बंगल्यावर सैपाकाले गेल्तो मी,
तुह्या जन्माच्या आधी.
कोणी वाईट बोललं नाही. पैसे बी पुरे देल्ले.
पण मी पाणी ठेवाले हॉलमधून गेलो
का सारे सावरून बसत.
तसंच का?"

तसंच, मी म्हटलं.

"मंग चूक कोणाची?"

हे पुस्तकात नव्हतं.
त्यांच्या हातात साबणाची वडी होती.
तिचं एक टोक तेलात रमतं, दुसरं पाण्यात,
हे मी सांगणारच होते.
मग वाटलं, त्यांना वाटेल
पोरगी स्वतःबद्दल बोलून रायली.
नाही सांगितलं.

सकाळी नेहमीसारखा मसाला परतायला घेतला त्यांनी.
कढईवर वाकून, डोळे बारीक करून
कडेला लाल चकाकी येईस्तोवर बघत राहिले.
मी सहा महिने घड्याळ लावून
जिची नोंद करत होते, ती फारकत.
"झालं," ते म्हणाले.
"तेल सुटल्याबिगर शिजलं म्हणू नये."
आणि चव बघ म्हणून बोट पुढे केलं,
ते माझ्या वहीवर टेकलं.

एकविसावं पान.
सरांनी त्या डागाभोवती लाल पेनानं गोल काढला,
बाजूला लिहिलं: 'स्वच्छता?'

भोजनालय आता नाही, तिथं मोबाईलचं दुकान आहे.
वही आहे.
जवसाचं तेल वाळून पिवळं झालंय,
पण उजेडासमोर पान धरलं
की फक्त त्या गोलातूनच
पलीकडची, बाविसाव्या पानावरची अक्षरं दिसतात,
उलटी,
आणि जरा वेळ लावला तर
वाचताही येतात.