चुकीचं मराठी

फॉर्मवर 'व्यवसाय' या शब्दापुढे
अर्ध्या इंचाची जागा.
पोलीस आयुक्तालयातल्या त्या खिडकीशी
तिबो कारादेक पेन धरून उभा, आणि मागे रांग.
नांतला तो लाकडी बाहुल्या कोरायचा,
लिस्बनच्या रेडिओवर नऊ वर्षं
एका बुडालेल्या खलाशाचा आवाज होता,
ड्रेस्डेनला मूकनाट्य, म्हणजे
एवढं जर्मन शिकून गप्प राहण्याचा पगार.
शिवाय ॲकॉर्डियन. वाजवायचा कमी, दुरुस्त जास्त.
"एकच काय ते लिहा," कारकून म्हणाले.
त्यानं लिहिलं : विद्यार्थी.

म्हणून माझ्याकडे आला.
एरंडवणे, तिसरा मजला,
गुरुवारी लाइट गेली की गॅलरीत.
चिमणीतला च वेगळा, चाकातला वेगळा,
हे त्याला पहिल्याच दिवशी पटलं.
ळ ला मात्र तीन आठवडे लागले.
आला तेव्हा असा आला
की तो रोज मंडईत जायला लागला :
केळी, आवळे, भोपळा, वेळ विचारणं,
"नारळ कोवळा आहे का?"
खाणार कोण? त्याच्या खोलीत
ओट्यावर सगळा ळ सडत पडलेला.

एकदा वहीत रेघ मारता मारता :
"मरण?"
ते, मी म्हटलं.
"ते? मूल जसं, ते?"
हो. मूल, पिल्लू, मरण.
पेन्सिल खाली ठेवली त्यानं.
आमच्याकडे ती, म्हणाला. जर्मनांकडे तो.
दोन्हीकडे मी स्टेजवर मेलोय, बाई,
एकदा तर सलग ऐंशी प्रयोग.
पण इतकं लहान
मला कुणी सांगितलं नव्हतं.
त्या दिवशी पुढचा धडा झाला नाही.
पैसे द्यायला विसरला, मीही मागितले नाहीत.

मग ती मालिका. पौड रस्त्यापलीकडे
एका गोदामात उभारलेली कचेरी, थर्माकोलचे खांब.
फ्रान्समध्ये याला जर्मन अधिकारी करत,
जर्मनीत फ्रेंच वेटर,
इथे अर्थातच इंग्रज कलेक्टर.
पहिलं वाक्य त्यानं असं म्हटलं
की चहाचा ट्रे घेतलेला पोऱ्या थांबला.
"कट. सर, सुंदर. पण जरा तोडकं बोला ना.
लोकांना खरं वाटत नाही."

सव्वीस वर्षांत पहिल्यांदा
मला चुकीचं शिकवायचे पैसे मिळाले.
मी चिडले होते. तो नाही.
त्यानं चुकांचा तक्ता केला, भिंतीवर लावला,
आणि मी सुचवलेली एक चूक खोडली :
"इंग्रज ह गिळत नाही.
ह आम्ही गिळतो."
कुठे अडखळायचं, कुठे ळ चा ल करायचा,
गॅलरीत तासन्‌तास तालीम.
खालून जाणाऱ्याला वाटलं असेल
बाई काय शिकवते हे!

कलेक्टर मेला तो भाग
मी ठोसरकाकूंकडे पाहिला, मटार सोलत.
संवाद ठरला होता : "माझा मरण आला."
इंग्रज बिचारा सगळ्यालाच 'तो' म्हणणार,
हे त्याचंच म्हणणं, तक्त्यात सातव्या ओळीत.
पडद्यावर दिवा, उशी, कपाळावर खोटा घाम.
तो म्हणाला,
"माझी मरण आली."

काकू हसल्या. "मेल्यांना दीडशे वर्षांत
साधं मराठी आलं नाही."
मी काही बोलले नाही.
एक दाणा निसटून सोफ्याखाली गेला होता,
तो शोधायला वाकले,
आणि जरा जास्तच वेळ
वाकून राहिले.