सात सेकंद

खून दिसतच नाही त्यात.
दिसते नळाखालची बादली,
काठोकाठ भरलेली, तरी नळ चालूच.
मग जिन्यावरून उतरणारे पांढरे कॅनव्हासचे बूट,
उजव्याची नाडी सुटलेली.
मग काळोख. सात सेकंद. आवाजसुद्धा नाही.

मी दहा वर्षांचा, इतवारीतल्या टॉकीजमध्ये.
मे महिना. वाळ्याच्या ताट्यांना पाणी मारून मारून
पोऱ्या दारातच झोपलेला,
खुर्च्यांतले ढेकूण तेवढे जागे.
सिनेमा तेव्हाच वीस वर्षं जुना,
रिळावर ओरखड्यांचा पाऊस.
त्या काळोखात मागून कोणीतरी म्हणालं,
"मारलं बे त्यानं तिले."
आणि अख्ख्या हॉलला ते पटलं.

मी तिथंच दिग्दर्शक झालो.
उधारीचा कॅमेरा, अजनीच्या यार्डातल्या रात्री,
पोलिसांना पाजलेला चहा, हे सगळं नंतरचं.
पोरांना शिकवताना फळ्यावर बादली काढायचो:
"हिंमत पाहा त्या माणसाची!
गोष्ट ऐन रंगात, आणि हा पडदाच विझवतो.
तोही चोपन्न साली!"
माझ्या चारही सिनेमांत आहे तो काळोख.
एकात नऊ सेकंदांचा केला,
तर लोकांना वाटलं लाइट गेली.

औंदा दिवाळीत धुऊनपुसून लख्ख केलेली प्रत मिळाली.
बादली. बूट. नाडी.
आणि मग बाईचा चेहरा, भडक उजेडात,
आ वासलेला, लांबच लांब किंकाळी,
वरून व्हायोलिनांचा गलका.
पाच वेळा मागे नेऊन पाहिलं.
काळोख कुठंच नव्हता.

यंत्रघरातले दामाजी पराते आता पाचपावलीत, लेकीकडे.
एका डोळ्यात मोतीबिंदू, हातात अडकित्ता.
"कार्बनची कांडी संपली होती ना जी तिथं,
पहिल्याच दिवशी. बदलेपावतर अंधार."
मी हसलो. चाळीस वर्षं
एका संपलेल्या कांडीला नमस्कार करत होतो म्हणजे!

मग गाडीग्यापर्यंत आल्यावर आठवलं,
परत फिरलो, जिना चढलो.
"काका, कांडी संपली तर उजेड जाईल.
आवाज कसा गेला?"

अडकित्ता थांबला.
"आवाज मी बंद करो.
दुसऱ्या दिवसापासून अंधारही मीच.
ते बोंबलणं मले खोटं वाटे."