उलटा आर

मुल्लासरांच्या क्लासात एका भिंतीला टायपिंगची मशिनं,
दुसऱ्या भिंतीला तीन कॉम्प्युटर, त्यातला एक बंद.
विट्याच्या स्टँडमागं, जिन्यात चपला काढून वर.
तासाला दहा रुपये. दोघांत एक खुर्ची.

सीडी कुणी आणली ठाऊक नाही.
वर स्केचपेननं नुसतं 'गेम' लिहिलेलं.
आत सगळी अक्षरं रशियन,
हेही सरांनी सांगितलं म्हणून. तोवर आम्ही
ती बिघडलेली इंग्रजी समजत होतो.
घरासारखं दिसणारं अक्षर म्हणजे पुढं.
बी म्हणजे बाहेर.
आणि उलटा आर कधीच दाबायचा नाही.
एकदा दाबला तर स्क्रीन काळी ठिक्कर,
अंकुशनं घाबरून भिंतीवरचं बटणच बंद केलं.

पुलावर एक म्हातारा, हातात कंदील.
तो बोलायला लागला की खाली ओळी उमटायच्या
आणि अंकुश त्या वाचून दाखवायचा.
खरोखर वाचून. काचेवर बोट फिरवत, डावीकडनं उजवीकडं:
"काय पावणं, कुठल्या गावचं?
पुलावरनं जाताय तर जावा, खरं
सांच्याला माघारी या, म्हस व्यायला झालीया."
विहिरीवरची बाई म्हणायची,
"जेवल्याबिगर गेलास तर बघ."
शिपाई मरताना, "आईला सांगू नगासा, ती चिडती."
टायपिंगच्या पोरी हसायच्या, त्यांच्या ओळी चुकायच्या.

दहावी झाली आणि मामानं अंकुशला त्रिशूरला नेलं,
गलाईच्या दुकानात.
आमच्या आळीतली निम्मी पोरं अशीच गेली,
कुणी सेलमला, कुणी पार आसामात, सोनं वितळवायला.
पहिल्या यात्रेला आला तेव्हा म्हणाला,
तिथली अक्षरं जिलेबीसारखी हायत,
खरं अवघड न्हाई. कंदीलवाल्यागत समजायचं.
बोलू द्यायचं. मान हलवायची.

परवा सरांनी क्लास बंद केला.
भंगारवाल्याच्या आधी मी पोचलो.
सीडी ड्राइव्हमध्येच होती.
रात्री घरी लावली, पोरं झोपल्यावर,
आणि उलटा आर दाबला.
स्क्रीन काळी. भिंतीवरच्या बटणाकडं हात गेला होता,
तो मागं घेतला.
पाच, सहा, सात सेकंद.
मग भाषांची यादी आली. मी इंग्रजी निवडली.

म्हातारा म्हणाला: बाण हवेत? दहाला तीन.
पुन्हा क्लिक केलं.
बाण हवेत? दहाला तीन.
बाई म्हणाली, विहीर कोरडी आहे.
शिपाई मरताना काहीच म्हणत नव्हता,
ती ओळ आपले किती उरले, त्याची होती.
आणि त्या उलट्या आरच्या जागी
आता सरळ अक्षरांत लिहिलं होतं, 'लँग्वेज'.

अंकुशला फोन लावला. मागं कुणी भांडत होतं.
तो मल्याळममध्ये ओरडला, तिकडं शांत झालं.
"अरे," मी म्हटलं, "म्हातारा बाण विकत होता."
बराच वेळ काही नाही.
मग, "कितीला?"
"दहाला तीन."
"महाग हायत."
नंतर म्हणाला, "परत कर की पहिल्यागत."

काळं. थांबलो. घरासारखं अक्षर दाबलं.
फोन स्पीकरवर टाकून कीबोर्डपाशी ठेवला.
"हं, आला बघ कंदील घेऊन."
त्यानं घसा साफ केला, चाळीस वर्षांच्या माणसाचा:
"काय पावणं, कुठल्या गावचं?
पालम्‌वरनं जाताय तर जावा, खरं..."

पालम् म्हणजे काय, मी विचारलं नाही.
पूल समोर दिसत होता.