रात्रीचा ब्लॉक

एक ते चार. एवढाच ब्लॉक मिळालाय.
पाचला यावलकडच्या केंद्रांवर काटे सुरू होतील,
म्हशीचं, गाईचं, फॅट, एसएनएफ,
सगळे आकडे धावत या एका खोलीत येतील.

नानांनी भुसावळ यार्डात तीस वर्षं सांधे बदलले.
म्हणायचे, गाडी उभी केल्याशिवाय
रुळाला हात लावू नये.
म्हणून जॉब थांबवले, एकेक.
रांग रिकामी झाली का पाहिलं. पुन्हा पाहिलं.
बॅकअप घेतला, आणि जुन्या मशीनवर
उघडून बघितला;
न उघडलेला बॅकअप म्हणजे
उगवण न तपासलेलं बियाणं.

मे महिना. दीड वाजताही भिंत गरम.
एसीचं पाणी बादलीत टपटपतंय.
सायबू तडवी दार ढकलतो, "झायं का वं ताई?"
नाही अजून.
त्याने दिलेली कळण्याची भाकरी, वर ठेचा,
मी कीबोर्डपासून लांब सरकवते.

दोन वाजून दहा. पॅच बसला.
आई ठिगळ लावायची ते दिसायचं.
हे दिसत नाही.
उद्या कुणी विचारलंच नाही, रात्री काय केलंत,
तर जमलं म्हणायचं.

मग खात्यांची यादी. आत यायची मुभा कुणाकुणाला.
तिसऱ्या ओळीत: वायकोळे_वा.
वासुदेव वायकोळे. मला हे काम शिकवणारे.
जाऊन दोन वर्षं झाली.
पण रोज रात्री तीन दहाला
त्यांच्या नावाने कुणीतरी आत येतं,
सहाशे केंद्रांचा हिशेब उचलतं,
बँकेच्या हातात देतं, निघून जातं.
लॉगमध्ये: यशस्वी. यशस्वी. यशस्वी.
सगळे अधिकार शाबूत. पासवर्ड फाइलमध्ये उघडाच,
त्यांच्या स्कूटरचा नंबर,
अख्ख्या दूध संघाला पाठ असलेला.

नवं खातं काढलं. कामापुरतेच हक्क,
कुणा माणसाचं नाव नाही.
जॉब त्यावर वळवला.
आधी एकट्या किनगावचा डेटा सोडला,
रिकामं इंजिन सोडतात तसा. गेला.
मग सरांच्या ओळीवर येऊन थांबले.
स्क्रीन विचारते, नक्की?

फॅन फिरतो. बादली भरत आलीय.

तीन दहा.
हिशेब बँकेत पोचला, पैसा न् पैसा जुळला.
ते आले नाहीत.

सायबू पुन्हा दारात.
झायं, मी म्हणते.
भाकरी कडक झालीय,
ठेचा मात्र अजून तसाच झोंबतो.