हात मझार शे

अमळनेर, स्टेशन रोड. दुकानाचं शटर अर्धं खाली.
दुरुस्तीला आलेल्या कुणाच्या तरी मोबाईलवर
मी धुडकूआबाला दाखवत होतो
रिओची मिरवणूक:
पिसांचे मुकुट, तिमजली रथ,
आणि एक सोनेरी बाई, जिच्या टाचेबरोबर
अख्खा रस्ता वर उचलला जात होता.

आबा बाईकडे बघेना.
“थांब. माघारे ले. तो डोकरा देख.”

शेवटच्या रांगेत, ढोलांच्या गर्दीत
एक वाळलेला माणूस, डोक्यावर गवती टोपी.
एका हातानं कातडं दाबतोय,
दुसरा दिसतच नाही.
“हात मझार शे,” आबा म्हणाला,
परगावच्या बाजारात
भाऊबंद भेटावा तसा.

मी शोधलं. वाद्याचं नाव कुईका.
कातड्याला आतून काडी बांधलेली,
ओल्या चिंधीनं ती घासायची,
की ढोल हसतो, रडतो, कुणाला तरी हाक मारतो.
बाईचं नाव सापडलं. रथाचं, टोळीचं,
पिसं शिवणाऱ्या कारखान्याचंसुद्धा.
डोकऱ्याचं नाही.

“किती भेटस त्याले?”
ठाऊक नाही, आबा.
“आन पंगत कोनती? पह्यली का शेवटली?”

चाळीस वर्षं आबा वहीच्या पार्टीत
तुणतुणं धरून उभा राहिला.
फोटोत कधी त्याचा खांदा येतो,
कधी नाच्या पोराच्या पदराआडून नुसता दांडा.
एकदा तापानं घरी राहिला, तर गाणारा
तिसऱ्याच कडव्यात घसरला.
लोकांना वाटलं, घसा बसला.

त्या आठवड्यात त्यानं तेलाचा डबा कापला,
बकरीचं कातडं ताणलं,
तुरकाठी तासून आतून बांधली,
माझं काच पुसायचं फडकं नेलं, भिजवलं.
पहिला आवाज निघाला
तशी केवळबाई दारात आली:
“कोनं कुत्रं रडी ऱ्हायनं वं?”
आबानं हात अजून आत घातला.

सोमवारी कानबाई निघाली.
सगळ्यांचे मोबाईल देवीवर, नाचणाऱ्या सुनांवर.
आबा पार मागे, बोरीच्या वाटेवर,
डबा पोटाशी धरून.

माझाच व्हिडिओ मी अकरा वेळा पाहिला.
त्यात आबा नाही.
बाविसाव्या सेकंदाला मात्र एक सून
नाचता नाचता मागे वळते,
कुणी हाक मारली म्हणून.