तिसरा टेक

मोरकॅम, फेब्रुवारी.
खाली चिप्सचं दुकान, वर माझी एडिटची खोली.
व्हिनेगरचा वास जिना चढून येतो
आणि खिडकीबाहेर समुद्र मैलोन्‌मैल मागे सरून बसलाय
रुसलेल्या व्याह्यासारखा.

पडद्यावर एलिस हेस्केथ, वय बावन्न.
ह्याने जत्रेतल्या पैलवानाकडून दोन बरगड्या मोडून घेतल्या,
मासेमारीच्या बोटीवर अख्खा डिसेंबर ओकून काढला,
एका फिल्मसाठी अकरा दिवस मौन पाळलं
आणि बाराव्या दिवशी त्या मौनाबद्दल इतकं बोलला
की मला चार तास कात्री चालवावी लागली.
दुसऱ्याचं दुखणं काठावर उभं राहून दाखवायचं नाही, म्हणतो.

नऊ वर्षं झाली.
त्याच्या बायकोहून मला त्याचा चेहरा जास्त पाठ आहे,
सेकंदाला पंचवीस तुकडे, ह्या हिशेबाने.

ह्या वेळी विषय विनिफ्रेड बॅक्सेंडेल, एकाहत्तर वर्षांची,
ओहोटीत वाळू चाळवून कॉकल वेचणारी.
(कॉकल म्हणजे आपल्या तिसऱ्याच, जरा गुबगुबीत.
पहिल्या दिवशी मी तिला हे सांगितलं,
तर म्हणाली, मग तुझी आई मला ओळखेल.)
तिचा नवरा ह्याच वाळूत रुतला होता एकदा,
ट्रॅक्टरसकट. तो निघाला, ट्रॅक्टर नाही.
एलिसला ते रुतणं हवं होतं. स्वतःच्या पायांनी.

पहिला टेक: गुडघ्यापर्यंत. वाक्य छान म्हटलं.
दुसरा टेक: मांडीपर्यंत. उजेड सुरेख,
भीतीही बेताची, चहात साखर घालावी तशी.
मागून विनिफ्रेडचा आवाज: पुरे कर पोरा, पाणी फिरलंय.
तो म्हणतो, एकच.

आपल्याकडे पाय खोलात जाणं
ही नुसती बोलायची गोष्ट आहे.

तिसऱ्या टेकमध्ये तो काहीच करत नाही.
कंबर गेलीय. ओठ पांढरे.
काळ आला होता,
आणि वेळ उजव्या कोपऱ्यात आकड्यांनी पळत होती:
तीन तास सतरा मिनिटं चाळीस.
तेव्हा तो कॅमेऱ्यामागच्या मोरवेनला विचारतो,
बॅटरी किती उरलीय?

हे मी चाळीसदा मागे नेऊन पाहिलं.
सवय म्हणावी तर हनुवटी हलतेय.
धैर्य म्हणावं तर तो उत्तराची वाट पाहतोय,
खरंच, पोरासारखी.

मग मोरवेन कॅमेरा टाकून धावते.
कॅमेरा कुशीवर पडतो, चालूच राहतो.
क्षितिज भिंतीसारखं उभं.
विनिफ्रेड फळीवर पालथी, कोपरापर्यंत चिखलात हात,
आणि तोंडात अशा शिव्या
की चॅनेल प्रत्येकीवर शिट्टी वाजवणार.
माणसं फ्रेमबाहेर सरकतात. कोणीतरी खोकतं.
उरतं भोक, त्यात येणारं पाणी,
आणि कडेला एक बूट, आधी आडवा,
मग हळूच तरंगायला लागलेला.
अकरा मिनिटं.
त्याच्या सगळ्या फिल्म्समधली पहिली अकरा मिनिटं
ज्यांत तो नाही.

मी ती तशीच ठेवली. शेवटी.
कात्री बाजूला ठेवून खाली जाऊन चिप्स खाल्ले.

रात्री लँकेस्टरच्या इस्पितळातून फोन:
तिसरा टेक कसा आलाय? दिसतो ना मी?

नाही, म्हटलं.

पलीकडे बराच वेळ नुसता श्वास,
कुठलीतरी ट्रॉली गेल्याचा आवाज.
मग त्याने विचारलं,
बूट दिसतो?