दृश्य सत्तेचाळीस

पाजूच्या गोदामात आम्ही जुने चेहरे थंड ठेवतो.
भर ऑगस्टातही अंगात कोट.
गेल्या हिवाळ्यात जेचनकडून नऊ डबे आले,
एका मेलेल्या ऑपरेटरच्या कोठारातून,
वाळत घातलेल्या पर्सिमनच्या माळांखालून.
झाकण उघडलं आणि आंबूस वास नाकात गेला.
फिल्म मरताना अशीच आंबते,
बिघडलेल्या लोणच्यासारखी.

कागद आमच्याकडे आधीपासून होता.
सेन्सॉरचा, सन चौऱ्याहत्तर, जांभळी शाई:
"दृश्य ४७. राजा जात असता दासी मान वर करते.
काढावे."
बस्स. खाली शिक्का, जरा तिरका.
साहेबांना जेवायला जायचं असेल.

चार सेकंद. शहाण्णव चौकटी.
पण विणलेल्यातला एकच टाका कसा काढणार?
आधीची पालखी गेली, नंतरचं अंगण गेलं,
मग सांधा जुळेना म्हणून प्रधानाचं विष पिणं गेलं,
आणि पडद्यावर गादी अशी अलगद वारसाकडे सरकली
की त्या राज्यात जणू कुणी कधी
खोकलंसुद्धा नव्हतं.

डब्यात ते सगळं होतं. अकरा मिनिटं, मुकी.
मी तीन महिने पुसत बसलो.
बुरशीने राजाचं अर्धं तोंड खाल्लं होतं,
दासीला हातही लावला नव्हता.

दासी सापडली वोन्जूला.
प्यो माल्न्यो, वय एकाहत्तर, टोफूचं दुकान.
माल्न्यो म्हणजे शेवटची मुलगी. बापाने ठेवलेलं नाव,
की देवा, आता पुरे.
तरी तिच्या पाठीवर आणखी दोघी झाल्याच.

ती आली घरून उशी घेऊन, आणि उकडलेली कणसं.
म्हणाली, तेव्हा आईला नेलं होतं मी,
बसच्या भाड्यासाठी कोंबडी विकून.
दोन खेळ पाहिले लागोपाठ.
आई विचारत राहिली, कुठे आहेस? आता येशील का?
शेवटी मी एका पोरीची पाठ दाखवली,
घागर घेऊन उभी होती कडेला.
ही बघ, मी.
आई रडली. म्हणाली, किती ताठ उभी राहिलीस गं.
मरेपर्यंत ती गावभर त्या पाठीचं कौतुक सांगायची.

मी दिवे मालवले.
पालखी आली. ओळीने माना वाकल्या.
आणि एकच वर झाली,
वीस वर्षांची, कपाळावर घाम,
डोळे सरळ राजाच्या तोंडावर.

माझ्या घशात काहीतरी आलं, खोटं कशाला बोलू.
पन्नास वर्षं कोठारात दडपलेलं बंड,
मनात मी परिचयपत्रिकेचं वाक्यही जुळवलं.
"काय होतं त्या क्षणी तुमच्या मनात?"

"दाढी," ती म्हणाली.
"राजाची दाढी सुटत होती डावीकडून.
मला वाटलं, आता पडते."
आणि हसली, कणसाचे दाणे उडेस्तोवर.

मग गप्प झाली.
पुन्हा लाव, म्हणाली.
मी लावलं. पुन्हा. चौथ्यांदा ती
स्वतःकडे बघतच नव्हती.
पडद्याच्या कडेला बोट रोखून म्हणाली,
ती घागरवाली. ती वळते का कुठे?
तुझ्या त्या डब्यांत, एखाद्या तुकड्यात?

नऊही डबे मी पाहिले होते. चौकट न् चौकट.
तरी पुन्हा पाहिले, त्या रात्री, कोट घालून.
कापलेल्यात नाही, न कापलेल्यात नाही.

सकाळी फोन केला.
तिकडून मशीनचा आवाज, सोयाबीन दळत होती.
नाही वळत, मी म्हणालो.
"हं," ती म्हणाली.
"ताठ उभी आहे ना पण?"